दाजींचं हसू

लोक मला विचारतात, विनोदी लिहायला कुठं शिकलात? मी एखाद्या गुरूचं नाव घेईन अशी त्यांची अपेक्षा असते. खरं उत्तर असं की मी विनोद पट्ट्याच्या भीतीनं शिकलो. वडील फौजेत हवालदार होते. ते रजेवर आले की तो जाड पट्टा दाराआडच्या खिळ्याला लटकायचा आणि आई, मी आणि माझी दोन वर्षांनी धाकटी बहीण, अशा तिघांच्याही पाठीवर त्याचे वळ उठायचे. कारण लागायचंच असं नाही. भाकरी जाड झाली तरी चालायचं, पातळ झाली तरी चालायचं. एकदा पट्टा वर गेलेला असताना मी घाबरून त्यांच्या सुभेदाराची नक्कल केली. सुभेदार शिंक आली तरी आधी सावधानमध्ये उभा राहतो, असं वडिलांनीच कधीतरी सांगितलं होतं. मी ताठ उभा राहिलो, टाचा जुळवल्या आणि शिंकलो. वडील हसले आणि त्यांचा हात खाली आला.

माणूस हसला की त्याचा हात थांबतो, हे मला त्या दिवशी कळलं. निदान कळलं असं वाटलं. पुढं मी त्यावरच पोट भरलं. त्यात चूक होती, पण ती ध्यानात यायला वीसेक वर्षं गेली आणि तिचा मार मला बसला नाही.

बहिणीला नकला जमायच्या नाहीत. ती माझ्या पाठीमागं उभी राहायची. माझा विनोद जमला तर दोघंही सुटायचो, फसला तर दोघांनाही पडायचा. मग अंगणात बसून ती मला सांगायची की आज शिंक लवकर आली, थोडं थांबायला हवं होतं. तिचं म्हणणं दरवेळी बरोबर असायचं. पुढं माझ्या लिखाणावर पुष्कळ जण बोलले, पण तिच्याइतकं नेमकं कुणी बोललं नाही.

वडील गेले तेव्हा मी सांगलीत कॉलेजला होतो. सांगलीत त्या काळी नाटकात नसलेला माणूस हुडकून काढावा लागायचा. मीही एकांकिका लिहायला लागलो. पहिल्याच स्पर्धेत मला कळलं की माझ्या चांगल्या वाक्यांना लोक मान डोलावतात, आणि कुणाच्या कानाखाली बसली की खुर्चीवरून पडेस्तोवर हसतात. आमच्यात एक म्हातारा सोंगाड्या यायचा. त्याचा तमाशाचा फड मोडला होता, पण अंगातला तमाशा गेला नव्हता. त्यानं मला थप्पड शिकवली. हात गालापासून चार बोटं अलीकडं थांबवायचा आणि त्याच क्षणी ढोलकीवर थाप पाडायची. बघणाऱ्याला वाटतं, गालातून जाळ निघाला. 'गालाला वारं लागलं पायजे, हात न्हाई,' असं तो म्हणायचा. चाळीस वर्षं मार खाण्याचं सोंग करून त्याचे सगळे दात शाबूत होते.

बहिणीचं स्थळ बघायची वेळ आली तेव्हा घरात कर्ता मी. मुलगा सांगलीजवळ माधवनगरचा, एका यंत्रमाग कारखान्यात जॉबर. म्हणजे माग बिघडला की दुरुस्त करणारा आणि मागावरच्या लोकांना दटावणारा. पोहे खाताना मी सुभेदाराच्या शिंकेचा किस्सा सांगितला. तो इतका हसला की हातातली बशी हलायला लागली. आतून सुरू झालेला, वरच्या पट्टीत चढत जाणारा, मधेच उचकी लागल्यासारखा तुटणारा आणि पुन्हा दुप्पट जोरानं फुटणारा तो आवाज ऐकून आमच्या शेजारपाजारचेही कारण नसताना हसायला लागले. पाहुणे गेल्यावर मी आईला सांगितलं, हा माणूस हात उगारणार नाही.

बहिणीनं एवढंच विचारलं, "आयच्या हातावर च्या सांडला, तवाबी हसला त्यो. बघितलंस का तू?"

मी म्हणालो, मोकळा माणूस आहे. वडिलांच्या घरात वाढलेल्या मुलीला मोकळा माणूस म्हणजे काय ते ठाऊक नाही, असंही वर म्हणालो. पुढच्या वैशाखात तिचं लग्न झालं.

नंतरची काही वर्षं मी मुंबईत इतरांच्या मालिकांचे भाग लिहीत होतो. मग नव्वदीच्या पहिल्या वर्षांत मला माझी स्वतःची मालिका मिळाली. सरकारी वाहिनीवर, आठवड्यातून एकदा, संध्याकाळी, तेरा भाग. लेखकही मी आणि निर्माताही मीच. गोष्ट एका पेन्शनर हवालदाराची होती, ज्याच्या घरात तीन घरजावई ठाण मांडून बसलेत. म्हाताऱ्या सोंगाड्याला मी हवालदार केलं. हवालदार कुठून सुचला, असं वार्ताहर विचारायचे आणि मी कल्पनाशक्तीबद्दल काहीबाही सांगायचो.

चित्रीकरण वाईत, घाटाजवळच्या एका भाड्याच्या घरात. पहिल्याच दिवशी भांडण झालं. ढोलकी ठीक होती, पण कॅमेरा जवळ नेला की हात गालाला लागत नाही हे दिसायचं. मी म्हातारबांना सांगितलं, खरी मारा. त्यांनी मान हलवली. मी पुन्हा सांगितलं. मग त्यांनी धाकट्या जावयाचं काम करणाऱ्या पोराला खरी मारली. मला ती कमी वाटली. आठ वेळा घेतली. आठव्यांदा पोराचा ओठ फाटला आणि हनुवटीवरून रक्त शर्टावर आलं, तरी तो वाक्य पूर्ण करून बाहेर गेला. सगळं युनिट हसून लोळलं. टेक उत्तम झाला होता. म्हातारबा घाटाच्या पायरीवर जाऊन बसले आणि त्या दिवशी जेवले नाहीत. मला त्यांचा राग आला. एवढ्यातेवढ्यावर तोंड पाडणाऱ्या माणसानं या धंद्यात येऊ नये, असं मी सगळ्यांना ऐकू जाईल असं बोललो.

आता हसण्याकडं येतो. त्या काळी विनोदी मालिकांना मागून प्रेक्षकांचं हसू जोडायची पद्धत होती. मुंबईच्या स्टुडिओत हसण्याची एक टेप होती आणि ती सगळ्यांच्या मालिकांना लागायची. त्यात एक बाई हसून झाल्यावर खोकायची. कुठलीही मालिका लावा, ती बाई खोकणारच. मी ठरवलं, माझ्या मालिकेला माझ्या मुलखाचं हसू हवं. खरी माणसं गोळा करून त्यांना भाग दाखवायचा आणि ती हसतील ते टेप करायचं. दाजींना, म्हणजे बहिणीच्या नवऱ्याला, कळवल्यावर त्यांनी माधवनगरात एक समाजमंदिर मिळवलं, सुट्टीच्या दिवशी सकाळी कारखान्यातले साठ-सत्तर लोक आणले, चहा-भज्यांची सोय केली. आम्ही एक टीव्ही उंचावर ठेवला, एक माइक मागच्या लोकांवर लटकवला आणि दुसरा स्टँडला लावून पुढच्या रांगेसमोर उभा केला. टीव्हीचा आवाज माइकमध्ये जाऊ नये म्हणून तो बारीक ठेवावा लागायचा.

इथं एक गोष्ट माझ्या लक्षात यायला हवी होती. वर्षानुवर्षं मागांच्या खडखडाटात उभं राहिलेल्या माणसाला नीट ऐकू येत नाही. ती माणसं एकमेकांशी ओठ बघून आणि हातवारे करून बोलतात. बारीक आवाजात चाललेली माझी वाक्यं त्यांच्यापर्यंत पोचतच नव्हती. ती हसायची ती दिसणाऱ्या गोष्टींना. थप्पड दिसली की हसायची, लाथ दिसली की हसायची, कुणी जिन्यावरून गडगडत आला की बाकावर हात आपटायची. मुंबईला जाऊन मी टेप ऐकायचो आणि बघायचो की हसू कुठं आहे. तिथं जास्त लिहायचो. वाक्यं आटत गेली आणि मार वाढत गेला. पहिल्या भागात एक थप्पड होती. पुढंपुढं तर हवालदाराच्या हातात पायताण आलं, मग काठी आली. सातव्या भागात मधल्या जावयानं सासऱ्याचा राग बायकोवर काढला आणि तिच्या कानाखाली वाजवली. तेवढं मोठं हसू आम्हाला त्याआधी कधीच मिळालं नव्हतं.

त्या हसण्याच्या पुढं दाजी असायचे. पहिल्या रांगेत, स्टँडच्या माइकसमोर. ते हसले की त्यांच्या मागचे हसायचे, मग त्यांच्या मागचे. आमचा रेकॉर्डिस्ट म्हणायचा की हा माणूस म्हणजे इंजिन आहे, बाकीचे डबे. मालिका चालली. गावोगावची पोरं एकमेकांना पायताणं मारत फिरायला लागली आणि मुंबईहून आणखी तेरा भागांची विचारणा आली. मी साताऱ्यात घर घेतलं, आईला तिथं आणलं.

त्या वर्षी पंचमीला बहीण साताऱ्याला माहेरी आली. तिच्या गालावर हिरवट-पिवळा डाग होता. आईनं मला स्वयंपाकघरात बोलावून सांगितलं. मग बहिणीनंही सांगितलं, वाटाण्याच्या शेंगा सोलत, माझ्याकडं न बघता. मालिका लागायच्या दिवशी त्यांच्या घरी आळीतली वीसेक माणसं जमायची. टीव्हीतून दाजींचं हसू आलं की टाळ्या पडायच्या. सातवा भाग लागला त्या संध्याकाळी तो संपल्यावर दाजींनी तिला पाणी मागितलं. ती तांब्या घेऊन आली तशी सगळ्यांसमोर तिच्या कानाखाली मारली आणि हसले. पहिल्या आठवड्यात लोक गप्प राहिले. दुसऱ्या आठवड्यात दोघं-तिघं हसले. आता सगळे हसतात. भाग संपला की तिलाच कळतं आता आपली पाळी, आणि ती पाणी घेऊन बाहेर येते.

माझे वडील हसले की मारायचं थांबत. हा माणूस हसत हसत मारत होता. माझ्या सगळ्या शहाणपणात हा प्रकार नव्हताच.

मी काय केलं? पंचमी झाली, आईनं तिची ओटी भरली आणि मी तिला नांदायला घालवायला निघालो. आमच्याकडं माहेरवाशीण एकटी परत जात नाही. भावानं घालवायला जायचं असतं, सासरच्यांशी दोन गोड शब्द बोलायचे असतात. मला तिथं जायचंच होतं, कारण नव्या तेरा भागांची पहिली रेकॉर्डिंग दाजींशी बोलून ठरवायची होती. हे मी तेव्हा स्वतःशीही कबूल केलं नाही. भांड्याला भांडं लागतंच, असं काहीतरी मी तिला कऱ्हाडपर्यंत सांगत होतो. ती खिडकीतून उसाकडं बघत होती. तोंड दाबून बुक्क्यांचा मार म्हणतात तो हाच, आणि तोंड दाबणारा हात माझा होता.

सांगलीच्या स्टँडवर उतरल्यावर ती पिशवी खाली ठेवून माझ्यासमोर उभी राहिली.

"दादा, मी काय मागत न्हाई तुला. त्येंचं हसू तेवढं काढ टीव्हीतनं. त्ये आलं न्हाई तर माणसं गोळा हुणार न्हाईत. बाकीचं माझं मी बघीन."

मी तिच्या डोक्यावर हात ठेवून शब्द दिला. मग तिच्या घरी जाऊन दाजींबरोबर चहा प्यालो आणि पुढच्या रेकॉर्डिंगचा दिवस ठरवून आलो.

मुंबईत मी प्रयत्न केला, हे खरं आहे. अजून लागायच्या राहिलेल्या भागांतून रेकॉर्डिस्टला पुढच्या माइकचं हसू काढून नुसतं मागचं लावायला सांगितलं. ते ऐकवलं तेव्हा कळलं की इंजिन काढल्यावर डबे जागेवरच उभे राहतात. जिथं दणका हवा तिथं कुजबुज ऐकू येत होती. मी ते दोनदा ऐकलं आणि आधीचंच ठेव म्हणून सांगितलं. बहिणीला पत्र लिहिलं नाही. काय लिहिणार होतो?

नव्या भागांच्या रेकॉर्डिंगला सकाळी माधवनगरला पोचलो तेव्हा समाजमंदिर खच्चून भरलेलं होतं. बायका एका बाजूला बसल्या होत्या, त्यांच्यात बहीण नव्हती. दाजी पुढच्या रांगेत. तिला जरा कसकस आहे, म्हणाले. पहिला भाग लावून झाला, हसू चांगलं पडलं. चहासाठी थांबलो तेव्हा मी दोन आळ्या ओलांडून तिच्या घरी गेलो.

ती सोप्यात भिंतीकडं तोंड करून पडली होती. मी हाक मारली, तिनं वळून बघितलं नाही. पुन्हा मारली. मग जवळ जाऊन खांद्याला हात लावला तेव्हा ती दचकून उठली. डावा कान सुजून जांभळा झाला होता, त्यात कापूस होता आणि कापूस लाल होता. जबडा एका बाजूला आला होता. उशीला वाळलेलं रक्त. कोनाड्यात मागाचा धोटा पडला होता. धोटा म्हणजे मागावर सूत घेऊन इकडून तिकडं पळणारी लाकडी होडी, तिच्या दोन्ही टोकांना लोखंडी टोक असतं. दाजींनी त्या धोट्यानं मारलं होतं. चार दिवस झाले होते. दवाखान्यात नेलं नव्हतं, कारण रेकॉर्डिंग जवळ आली होती आणि मेव्हण्यांना, म्हणजे मला, कळायला नको होतं.

ती चिडली नव्हती. जबडा न हलवता, हळू बोलत होती.

"ह्या कानात काय येत न्हाई आता. बरं झालं. टीव्ही लागला की हा कान तिकडं करून बसंन मी."

मी तिथून समाजमंदिरापर्यंत कसा आलो ते मला आठवत नाही. दुसरा भाग लागलेला होता. टेप फिरत होती. मी पुढं गेलो आणि स्टँड माइकसकट उचलला. दाजींनी मान वर केली. माझ्या हातात ते लांबडं लोखंड बघून त्यांना हसू आलं.

"मेव्हणं, आज तुमीच काम करताय व्हय?"

मी पहिला फटका खांद्यावर मारला. दाजी हसले. मेव्हण्यानं दाजींची थट्टा करायची आणि दाजींनी ती हसून घ्यायची, ही आमच्याकडची रीतच आहे. त्यांना वाटलं, ही त्यातलीच काहीतरी दांडगी थट्टा. त्यांच्या मागं सगळं समाजमंदिर हसलं. दुसरा फटका मी तोंडावर मारला. दात तुटल्याचा आवाज मला ऐकू आला, हसणाऱ्यांना आला नाही. दाजी खुर्चीवरून खाली पडून ओरडायला लागले, तोंड उघडं, हात वर. मागच्यांना ते नुसतं दिसत होतं, आणि तोंड वासून हातवारे करणारा माणूस बघून हसायची सवय त्यांना मीच लावली होती. रक्त पुढच्या दोन रांगांनाच दिसत असावं. मागचे लोक बाकांवर हात आपटत होते.

मी खोटं बोलणार नाही. ते हसू माझ्या अंगात भिनलं. ते उसळलं की मी थांबायचो, ओसरायला लागलं की पुढचा फटका मारायचो. बरोबर वेळेवर. आयुष्यभर जे शिकलो ते सगळं त्या हातात होतं. बरगड्यांवर, मनगटावर, गुडघ्यावर. एकूण सात फटके. तिथं मी मोजले नव्हते, टेपवर नंतर मोजले. म्हातारबा त्या दिवशी आमच्याबरोबर आले होते आणि कडेला बसले होते, त्यांनीच येऊन मला मागून कवळा घातला आणि खाली पाडलं. तोवर पुढच्या रांगेतली एक बाई किंचाळत उठली होती, आणि मग हसू मागच्या मागं थांबत गेलं.

दाजींचा जबडा मोडला, तीन दात गेले, मनगट मोडलं. सांगलीच्या इस्पितळात दाजी एका वॉर्डात आणि बहीण दुसऱ्या वॉर्डात. डॉक्टरांनी सांगितलं की तिच्या डाव्या कानाचा पडदा फाटला आहे आणि आतलंही काही राहिलेलं नाही. पोलिसांत दोन तक्रारी गेल्या, दाजींची माझ्याविरुद्ध आणि बहिणीची दाजींविरुद्ध. मग दोन्हीकडची वडीलधारी माणसं बसली. त्यांचं म्हणणं असं की दोघांनीही आपापली तक्रार मागं घ्यावी, बाई माहेरी राहील, विषय संपला. खटला उभा राहिला तर वाहिनी माझी मालिका बंद करणार हे सगळ्यांना ठाऊक होतं. मी गप्प बसलो. आई बहिणीजवळ जाऊन काहीतरी बोलली. बहिणीनं कागदावर सही केली. धोटा मारणारा माणूस सुटला तो माझ्या हवालदारापायी.

त्या दिवशी मी म्हणायला हवं होतं की सही करू नकोस. म्हणालो नाही. यात कुठं विनोद नाही, मी शोधून बघितलाय.

बहीण साताऱ्याच्या घरी राहायला आली. मला वाटलं, मी तिला सोडवलं. शेजारीपाजारीही तसंच म्हणायचे. भाऊ असावा तर असा, बहिणीसाठी दाजीची हाडं मोडली. मी नको नको म्हणायचो आणि मला ते बरं वाटायचं.

मालिकेचे भाग मात्र तयार व्हायचे होते आणि हसू नव्हतं. माधवनगरात पुन्हा पाऊल टाकणं शक्य नव्हतं. प्रसारणाची तारीख जवळ आली तेव्हा रेकॉर्डिस्टनं एक टेप पुढं ठेवली. त्या दिवशी त्याला कुणी थांब म्हणालं नव्हतं, म्हणून त्यानं टेप थांबवली नव्हती. माइक स्टँडलाच असल्यामुळं फटके प्रचंड मोठे आले होते. ते कापता येतील, तो म्हणाला. किंचाळणंही कापता येईल. मधलं हसू स्वच्छ होतं आणि त्याच्याइतकं मोठं हसू आमच्याकडं दुसरं नव्हतं. आम्ही खिडक्या लावून घेऊन ते ऐकलं. मी म्हणालो, लाव.

भाग लागला त्या संध्याकाळी मी साताऱ्यात होतो. आई टीव्हीसमोर, बहीण दाराशी निवडणं घेऊन बसलेली. हवालदारानं काठी उगारली आणि ते हसू आलं. सुरुवातीला दाजींचं, वर चढणारं, मधेच तुटणारं. पहिल्या फटक्याचं हसू होतं ते. त्याच्या मागून बाकीच्यांचं. बहिणीनं उजवा कान टीव्हीकडं केला आणि शेवटपर्यंत ऐकलं. जाहिराती लागल्यावर तिनं विचारलं की हे कवाचं आहे. मी सांगितलं. खोटं बोललो असतो तरी तिला कळलं असतं.

तिनं निवडणं बाजूला सारलं. मग म्हणाली, "त्या दिवशी मला घरात ऐकू आलं व्हतं ह्ये. लय हसत व्हती माणसं. मला वाटलं, दादाचं काम झ्याक चाललंय. म्हणून मी निवांत पडले."

मी म्हणालो की मी तिच्यासाठीच मारलं.

"माझ्यासाठी मारलं असतंस तर हसू आल्यावर थांबला असतास," ती म्हणाली. "आन ह्ये इथं लावलं नसतंस."

महिन्याभरात तिनं स्वतःच औंधला एका वसतिगृहात स्वयंपाकाचं काम बघितलं. यमाईच्या यात्रेला आईबरोबर गेली होती तेव्हा तिथल्या बाईंशी बोलून आली होती, आम्हाला सांगितलंही नव्हतं. ज्या घरात ते हसू वाजतं तिथं तिला जेवण जात नव्हतं, असं आईनं मला सांगितलं. जायच्या दिवशी सकाळी आईनं तिच्या पिशवीत चटणी आणि दोन लुगडी भरली. मी चपला घालून दारात उभा राहिलो, पिशवी घ्यायला हात पुढं केला. तिनं पिशवी स्वतःकडं ओढून घेतली. आवाजात राग नव्हता, एखाद्या अनोळखी माणसाला वाट सांगावी तसं बोलली.

"तू नगं येऊस घालवाय. तू घालवलंस की मार खायाला लागतोय मला."

मी दारातच थांबलो. ती एकटी स्टँडकडं गेली. रस्ता ओलांडताना तिच्या डाव्या बाजूनं एक ट्रक हॉर्न वाजवत आला, तो कुठल्या बाजूनं येतोय ते तिला कळलं नाही. मी ओरडलो. तेही कुठून आलं ते तिला कळलं नाही. ट्रकवाल्यानं ब्रेक दाबला, शिवी दिली, आणि ती तशीच पुढं चालत गेली.